खाडीतले मासे मेल्यावर घेतलेला नमुना ‘मर्यादेत’ येतो. प्रदूषणाचा कायदा प्रत्यक्षात लागू कसा करून घ्यावा?

प्रश्न : खाडीकाठ

सर्वांस नमस्कार. मी रत्नागिरी जिल्ह्यातील एका खाडीकाठच्या गावात राहतो. वडिलांनी आयुष्यभर पाग (फेकायचे जाळे) आणि एक लहान होडी यांवर संसार चालवला. मी शाळेत शिक्षक आहे, पण सुट्टीच्या दिवशी आजही त्यांच्याबरोबर पाण्यात उतरतो. आमच्या खाडीला येऊन मिळणाऱ्या नदीच्या वरच्या अंगाला रासायनिक कारखान्यांची वसाहत आहे. तिचे नाव मी देत नाही, कारण मला येथे आरोप करायचा नसून मार्ग विचारायचा आहे.

गेल्या वर्षी मृगाचा पहिला जोराचा पाऊस झाला त्या रात्रीची गोष्ट. पहाटे ओहोटी लागली तेव्हा वडिलांनी मला उठवून खाली नेले. लहान बोयी पाण्यावर तोंडे काढून घुटमळत होत्या आणि हाताने उचलता येत होत्या. उजाडल्यावर काठाच्या चिखलात शेंगाळे, पालू आणि कोळंबी मरून पडलेली दिसली. चिंबोऱ्या पाणी सोडून कांदळाच्या मुळांवर चढून बसल्या होत्या. पाण्याला चहाच्या चोथ्यासारखा रंग होता आणि जाळे वर काढले की सुतावर काळसर, बुळबुळीत थर येत होता, जो साबणाने धुऊनही दोन दिवस गेला नाही. वडिलांच्या हातांना पुढचा आठवडाभर खाज होती.

सकाळी सात वाजता आम्ही फोनवर तक्रार केली. संबंधित कार्यालयाचे पथक दुसऱ्या दिवशी दुपारी आले. तेव्हा भरती पूर्ण भरलेली होती आणि खाडीचे पाणी स्वच्छ दिसत होते. जेट्टीवर उभे राहून त्यांनी एक कॅन भरून घेतला. सुमारे तीन आठवड्यांनी उत्तर आले की सर्व घटक मर्यादेत आहेत आणि पहिल्या पावसाच्या गोड्या पाण्यामुळे मासे मेले असण्याची शक्यता आहे. गावातील बऱ्याच जणांनी त्या दिवशी ठरवून टाकले की कायदा आपल्यासाठी नाही.

मला तसे मानायचे नाही. म्हणून जाणकारांना विचारतो. पुन्हा असे घडले तर पहिल्या काही तासांत आम्ही नेमके काय करावे, म्हणजे पुरावा हातचा जाणार नाही? तक्रार कोणत्या कायद्याखाली आणि कोणाकडे करावी, म्हणजे ती केवळ फाइलला लागून राहणार नाही? आणि वर्षानुवर्षे कोर्टाच्या पायऱ्या झिजवण्याची ऐपत नसलेल्या गावाला यातले काय परवडण्यासारखे आहे?

उत्तर १ : जुना रसायनशास्त्रज्ञ

खाडीकाठ यांस नमस्कार. पाणी तपासणाऱ्या प्रयोगशाळेत माझी सत्तावीस वर्षे गेली आणि आपण वर्णन केलेल्या प्रकारातले कॅन माझ्या टेबलावर अनेकदा आले आहेत. कॅनमध्ये जे असते तेच प्रयोगशाळा सांगू शकते. तीस तासांनंतर, भर भरतीला, जेट्टीवरून भरलेल्या कॅनमध्ये समुद्राचे पाणी असते, आणि ते मर्यादेतच येणार.

प्रथम एक गोष्ट स्पष्ट करतो, जरी ती आपल्याला आवडणार नाही. पहिल्या पावसाने मासे मरू शकतात हे खोटे नाही. खारटपणा एकाएकी उतरला आणि गढूळ पाणी आले की काही जाती तग धरत नाहीत. म्हणूनच हे कारण पुढे करणे सोपे जाते, आणि तेच कारण नाही हे दाखवण्याची तयारी आपली असावी लागते. ती तयारी घटनेच्या दिवशी सुरू करून चालत नाही. चांगल्या दिवसांतल्या नोंदी हाताशी असतील तरच वाईट दिवसाची नोंद काही बोलते. पंधरवड्यातून एकदा उधाणाच्या (अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या भरतीच्या) आणि एकदा भांगाच्या (अष्टमीच्या लहान भरतीच्या) पाण्यावर, ओहोटीच्या शेवटच्या तासात, ठरलेल्या तीन जागी मोजमाप घ्यावे : वसाहतीचे पाणी मिळते त्याच्या वर, मिळते तेथे, आणि खाली आपल्या गावाजवळ. खाडीचे पाणी साधारण बारा तास पंचवीस मिनिटांनी पुन्हा त्याच अवस्थेत येते आणि रोज सुमारे पन्नास मिनिटे पुढे सरकते, हे आपल्या वडिलांना माझ्यापेक्षा चांगले ठाऊक असेल. घड्याळ न पाहता पाणी पाहून वेळ ठरवा आणि मग ती घड्याळाची वेळ लिहून ठेवा.

मोजायचे काय? गावाच्या पातळीवर चार गोष्टी पुरेत : तापमान, आम्लता म्हणजे पीएच, खारटपणा आणि पाण्यात विरघळलेला प्राणवायू. प्राणवायू लिटरला चार मिलिग्रॅमच्या खाली गेला की बहुतेक मासे अस्वस्थ होतात आणि दोनच्या खाली बोयी आपण पाहिल्या तशा वर येतात. हा प्राणवायू कॅनमध्ये टिकत नाही. तो जागेवरच मोजावा लागतो, किंवा तीनशे मिलिलिटरच्या काचेच्या बाटलीत हवेचा बुडबुडा न राहू देता पाणी भरून, त्यात मँगनीज सल्फेट आणि अल्कधर्मी आयोडाइड घालून तेथल्या तेथे स्थिर करावा लागतो. झाकण लावल्यावर बाटलीत तपकिरी साका बसला तर प्राणवायू आहे, आणि साका पांढराच राहिला तर जवळजवळ नाही. हा फरक आपल्या शाळेतील मुलालाही दिसेल. पहाटे वनस्पती प्राणवायू तयार करत नसल्यामुळे तो तसाही सर्वांत कमी असतो, म्हणून पहाटेची तुलना नेहमी पहाटेच्याच नोंदीशी करावी.

प्रयोगशाळेत पाठवायचा नमुना वेगळा. बीओडीसाठी (सेंद्रिय घाण कुजताना पाण्यातला किती प्राणवायू खाते याचे माप) दोन लिटरचा स्वच्छ कॅन त्याच पाण्याने तीनदा विसळून काठोकाठ भरावा आणि बर्फात ठेवून चोवीस तासांच्या आत पोहोचवावा. बर्फ मच्छीमारांच्या गावात मिळतोच. तेलासाठी काचेची बाटली घ्यावी, कारण तेल प्लॅस्टिकला चिकटते. सीओडीच्या (घाणीच्या रासायनिक विघटनाला लागणाऱ्या प्राणवायूचे माप) बाबतीत मात्र सावध राहा. खाऱ्या पाण्यातील क्लोराइडमुळे ही चाचणी खोटा, फुगलेला आकडा दाखवते. खारटपणा न नोंदता केलेला सीओडीचा अहवाल घेऊन एक गाव सुनावणीला गेले होते आणि पहिल्या पाच मिनिटांत तो बाजूला ठेवला गेला. मी तेथे होतो, आणि त्या लोकांचे चेहरे मला आजही आठवतात. त्यांचे म्हणणे खरे होते, पण कागद चुकीचा होता.

माशांविषयी एवढेच सांगतो की कुजलेला मासा काही सांगत नाही. अर्धमेले, कल्ले अजून हलत असलेले पाच-सहा मासे उचलून लगेच बर्फात ठेवा, आणि शक्य असल्यास एक-दोघांचे कल्ले दहा टक्के फॉर्मालिनमध्ये ठेवा. कल्ल्यांवर झालेली इजा कोणत्या प्रकारची आहे हे मत्स्यविज्ञानाचे जाणकार त्यावरून पाहू शकतात. रत्नागिरीत मत्स्य महाविद्यालय आहे. तेथील कोणाशी तरी घटनेपूर्वीच बोलून ठेवा.

एक शेवटची गोष्ट, जी पुढे कोणी वकील अधिक नीट सांगतील. खाडीतील पाण्याचा नमुना गुन्हा सिद्ध करत नाही. तो फक्त दिशा दाखवतो. कायद्याला हवा असतो तो कारखान्याच्या किंवा सीईटीपीच्या, म्हणजे वसाहतीच्या सामाईक सांडपाणी प्रक्रिया केंद्राच्या, नळाच्या तोंडाचा नमुना.

उत्तर २ : वकिली करणारा

वरील उत्तरातील शेवटच्या वाक्यापासूनच सुरुवात करतो. जल (प्रदूषण प्रतिबंध व नियंत्रण) अधिनियम, १९७४ याच्या कलम २१ मध्ये सांडपाण्याचा नमुना कसा घ्यायचा हे सांगितले आहे. अधिकाऱ्याने कारखानदाराला तेथल्या तेथे नोटीस द्यायची, त्याच्यासमोर नमुन्याचे दोन भाग करायचे, दोन्ही डब्यांवर खुणा करून ते मोहोरबंद करायचे आणि त्यांवर दोघांच्या सह्या घ्यायच्या. एक भाग राज्य प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या किंवा मंडळाने मान्य केलेल्या प्रयोगशाळेत जातो, आणि मागणी केल्यास दुसरा राज्याच्या प्रयोगशाळेत. ही पद्धत पाळली नसेल तर तो अहवाल न्यायालयात पुरावा म्हणून चालत नाही. म्हणून गावाने भरलेली बाटली शिक्षेसाठी उपयोगाची नाही. पण अधिकाऱ्याने त्याच दिवशी, त्याच नळावर जावे यासाठी ती फार उपयोगाची आहे. तक्रारीत ‘खाडी प्रदूषित झाली आहे’ एवढेच लिहू नका. ‘अमुक वेळी, अमुक ठिकाणी प्राणवायू एवढा होता, वरच्या अंगाला एवढा होता, सबब कलम २१ नुसार अमुक नाल्यावरील निर्गमाचा (सांडपाणी बाहेर सोडण्याच्या तोंडाचा) नमुना आजच घ्यावा’ असे लिहा आणि आवक शिक्क्याची पोच घ्या. ई-मेलही करा, कारण त्यावर वेळ उमटते.

दुसरा, फारसा कोणी न वापरलेला हक्क कलम २५ (६) मध्ये आहे. ज्या निर्गमांना मंडळाने संमती दिली आहे त्यांच्या अटींची नोंदवही मंडळाने ठेवायची असते आणि त्या निर्गमामुळे ज्याचे हितसंबंध बाधित होतात अशा कोणाही व्यक्तीला ती पाहता येते. आपण खाडीत पाग टाकता, म्हणजे आपण बाधित आहात. रोज किती घनमीटर पाणी सोडायची परवानगी आहे, ते कोठे सोडायचे आहे आणि कोणत्या मर्यादेत, हे कळल्याशिवाय उल्लंघन सिद्धच करता येत नाही. सर्वसाधारण मानकानुसार नदीत सोडायच्या पाण्याचा बीओडी लिटरला ३० मिलिग्रॅमच्या आत हवा, तर समुद्रकिनारी क्षेत्रात तीच मर्यादा १०० आहे. सीओडी दोन्हीकडे २५०. आपला निर्गम नदीत गणला आहे की खाडीत, यावर सगळे ठरते. म्हणून आधी संमतीपत्र मिळवा. हीच कागदपत्रे माहितीच्या अधिकारातही मागता येतात आणि त्या कायद्यात प्रमाणित नमुने घेण्याचाही अधिकार आहे.

आता कोणता मार्ग घ्यावा. कायद्यात फौजदारी मार्ग आहे. जल अधिनियमाच्या मूळ रूपात कलम २४ किंवा २५ च्या उल्लंघनासाठी दीड ते सहा वर्षांच्या कारावासाची तरतूद होती (२०२४ ची दुरुस्ती जेथे लागू झाली तेथे त्यातला काही भाग दंडावर आला आहे) आणि कलम ४९ नुसार कोणीही नागरिक साठ दिवसांची नोटीस देऊन स्वतः फिर्याद दाखल करू शकतो. अशा वेळी मंडळाकडील संबंधित अहवाल त्याने मागितल्यास ते द्यावे लागतात, अपवाद फक्त सार्वजनिक हिताचा. तरीही माझा सल्ला असा की गावाने याने सुरुवात करू नये. फौजदारी खटल्यात संशयापलीकडे सिद्ध करावे लागते, तारखांमागे तारखा पडतात आणि तोपर्यंत नळ वाहत राहतो. कायद्याचा कलही दंडाकडे वळतो आहे. पर्यावरण (संरक्षण) अधिनियम, १९८६ मधील उल्लंघनासाठी १ एप्रिल २०२४ पासून तुरुंगवासाऐवजी दहा हजार ते पंधरा लाख रुपयांचा दंड आला आहे.

खरी ताकद जल अधिनियमाच्या कलम ३३-अ मध्ये आहे. त्याखाली मंडळ कारखाना बंद करण्याचे, वीज आणि पाणी तोडण्याचे निर्देश देऊ शकते. वीज तोडल्याचा परिणाम त्याच दिवशी दिसतो. म्हणून आपल्या प्रत्येक अर्जात ‘कलम ३३-अ खाली निर्देश द्यावेत, किंवा न देण्याची कारणे लेखी कळवावीत’ अशी मागणी असू द्या. सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२५ मध्ये दिल्लीच्या एका प्रकरणात असेही स्पष्ट केले की मंडळांना याच कलमाखाली नुकसानभरपाई वसूल करता येते, मात्र त्यासाठी आधी नियम हवेत.

भरपाईचा विषय निघाला आहे तर तिचा हिशेब समजून घ्या, कारण आपल्या तारीखवार नोंदींचे आणि तक्रारींचे महत्त्व त्यातूनच कळेल. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या सूत्रात पाच गोष्टींचा गुणाकार आहे : उद्योगाचा प्रदूषण निर्देशांक, उल्लंघनाचे दिवस, रुपयांतील दर, उद्योगाचा आकार आणि स्थान. लाल (सर्वाधिक प्रदूषण करणाऱ्या) वर्गातील मध्यम कारखान्यासाठी निर्देशांक ८०, दर २५० रुपये, आकार १ आणि दहा लाखांपेक्षा कमी वस्तीच्या ठिकाणी स्थान १ धरले तर दिवसाला २०,००० रुपये होतात. मोठ्या कारखान्याला आकार दीड, म्हणजे ३०,०००. उल्लंघन एका दिवसाचे धरले तर ही रक्कम कारखान्याच्या हिशेबात दिसतही नाही. एकशे वीस दिवसांचे धरले तर मध्यम कारखान्यालाही २४ लाख होतात. दिवस कोठून मोजायचे हे कागदावर ठरते. पहिली तारीख आपल्या पोच असलेल्या तक्रारीची असेल, तर ती नंतरच्या एखाद्या पाहणीच्या तारखेपर्यंत पुढे सरकवणे अवघड जाते.

मंडळाने दाद दिली नाही तर पुण्यात राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाचे पश्चिम विभागीय पीठ आहे. त्याच्या स्वतःच्या कायद्यातील कलम १४ खालील अर्ज वादाचे कारण प्रथम घडल्यापासून सहा महिन्यांच्या आत करावा लागतो, भरपाई आणि पर्यावरण पूर्ववत करण्यासाठी कलम १५ खाली पाच वर्षांपर्यंत मुदत आहे. भरपाई मागायची नसेल तर शुल्क एक हजार रुपये आहे. येथे मच्छीमारांनी काय मिळवले याचे उदाहरण कोकणातलेच आहे. तारापूर औद्योगिक वसाहतीविरुद्ध अखिल भारतीय मांगेला समाज परिषद न्यायाधिकरणात गेली आणि जानेवारी २०२२ मध्ये न्यायाधिकरणाने तेथील सीईटीपीसह शंभरहून अधिक उद्योगांवर भरपाई बसवली. प्रकरण पुढे सर्वोच्च न्यायालयात गेले, हेही सांगितले पाहिजे. अशा लढाया एका निकालाने संपत नाहीत. पण एका किनाऱ्यावरील मच्छीमार समाजाच्या कागदांवर एवढी मोठी वसाहत उत्तर द्यायला उभी राहिली, ही गोष्ट लहान नाही.

आणखी एक जवळचा मार्ग आहे तो तालुक्यातच. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ खाली (पूर्वीचे फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १३३) कार्यकारी दंडाधिकारी सार्वजनिक उपद्रव दूर करण्याचा सशर्त आदेश देऊ शकतात. रतलाम नगरपालिकेच्या १९८० च्या निकालापासून हे कलम गटारे आणि सांडपाण्यासाठी वापरले जात आहे. त्याला शुल्क लागत नाही.

उत्तर ३ : ईटीपी चालक

मी कोकणातल्याच एका औद्योगिक वसाहतीत, मध्यम आकाराच्या कारखान्याच्या सांडपाणी प्रक्रिया केंद्रावर पाळीने काम करतो. नाव आणि ठिकाण सांगू शकत नाही. या चर्चेत आमच्या बाजूने दोन गोष्टी सांगाव्यात असे वाटले. येथे कोणी कारखाने बंद करा असे म्हटलेले नाही याचे मला समाधान वाटले, कारण माझ्या वाडीतील चौदा घरे याच वसाहतीवर चालतात आणि त्यातली तीन घरे भोयांची आहेत, ज्यांनी खाडी सोडून येथे नोकरी धरली.

प्रक्रिया केंद्र नीट चालवायला पैसा लागतो. हवा सोडणारे ब्लोअर दिवसरात्र चालले तरच टाकीतले जिवाणू जगतात, आणि विजेचे बिल हा आमच्या खात्याचा सर्वांत मोठा खर्च आहे. रात्री ब्लोअर बंद ठेवला तर पैसे वाचतात, पण जिवाणू मरतात आणि ते पुन्हा वाढवायला दोन-तीन आठवडे जातात. एखादा कारखाना हे करतो तेव्हा तो खाडीची हानी करतोच, पण शेजारच्या नियम पाळणाऱ्या कारखान्याचेही नुकसान करतो, कारण त्याचा माल स्वस्त पडतो. कायद्याची अंमलबजावणी ढिली असेल तर त्याचा फटका प्रामाणिक माणसाला बसतो, हे मी गेली अकरा वर्षे पाहतो आहे.

म्हणून तपासणीला येणाऱ्यांनी नळाचे पाणी पाहण्याआधी केंद्राचे वीज मीटर पाहावे. ब्लोअर आणि पंपांना स्वतंत्र मीटर असेल, तर महिन्याचे युनिट आणि प्रक्रिया केलेल्या पाण्याचे घनमीटर यांचा मेळ लागतो की नाही हे दहा मिनिटांत कळते. त्याच्याबरोबर रसायनांच्या खरेदीची बिले आणि गाळाचे वजन पाहावे. पाण्यावर खरोखर प्रक्रिया झाली असेल तर गाळ निघालाच पाहिजे. गाळच निघत नसेल तर पाणी कोठे गेले हा प्रश्न उरतो. हे कागद बाहेरच्या माणसाला मिळणार नाहीत, पण आपल्या तक्रारीत ‘वीज मीटरच्या नोंदी आणि गाळाचे वजन तपासावे’ अशी ओळ असली तर अधिकाऱ्याला ते तपासावे लागेल.

दुसरे म्हणजे पाऊस. मोठ्या पावसात वसाहतीतील पावसाच्या गटारातून जे वाहते त्यात केवळ पाऊस नसतो. आवारात सांडलेले, साठवून ठेवलेले, कधी मुद्दाम राखून ठेवलेले पाणी त्यात मिसळते. आपल्याकडे मृगाच्या पहिल्या रात्री मासे मेले, यात मला आश्चर्य वाटत नाही. सीईटीपीकडे जाणारी वाहिनी वेगळी आणि पावसाचे गटार वेगळे. पावसाळ्यात नमुना त्या गटाराच्या तोंडाशी घ्यावा, आणि उन्हाळ्यात ते गटार कोरडे आहे की ओले, हेही पाहून ठेवावे. कडक उन्हाळ्यात वाहणारे पावसाचे गटार ही तक्रारीतली सर्वांत बळकट ओळ ठरेल.

प्रश्नकर्ता : खाडीकाठ

आपण सर्वांनी एवढ्या तपशिलाने लिहिलेत याबद्दल मनापासून आभार. वडिलांना सर्व वाचून दाखवले. पावसाच्या गटाराचा मुद्दा ऐकल्यावर ते म्हणाले की चैत्र-वैशाखात त्या पऱ्याला (ओहळाला) पाणी असते हे त्यांनी अनेकदा पाहिले आहे, आणि तो झरा असावा असे ते समजत होते.

याला जोडून एक प्रश्न राहिला. आमच्या वरच्या वाडीत, कातळावर, रस्त्यापासून थोडे आत, कोणीतरी निळी प्लॅस्टिकची पिंपे आणि राखाडी गाळाच्या गोणी टाकून गेले आहे. काही गोणी फाटल्या आहेत. खालच्या दोन विहिरींचे पाणी या वर्षी प्रथमच कडवट लागते आहे. हे जमिनीचे प्रदूषण कोणत्या कायद्याखाली येते?

उत्तर ४ : जुना रसायनशास्त्रज्ञ

खाडीकाठ, प्रथम त्या दोन विहिरींचे पाणी पिणे आजपासून थांबवा आणि ग्रामपंचायतीला तसे लेखी कळवा. गोणींना कोणीही हात लावू नये, मुलांना तिकडे जाऊ देऊ नये. आपला जांभा भोकाभोकांचा असतो. वर ओतलेले त्यातून झपाट्याने उतरते, खालच्या चिकण थरावर थांबते आणि तेथून आडवे सरकत झऱ्यांना आणि विहिरींना मिळते. म्हणून कातळावरची घाण त्याच पावसाळ्यात खालच्या वाडीच्या विहिरीत येते. वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या पुढे पाऊस पडणाऱ्या प्रदेशात अशी गोणी एक पावसाळा पडून राहणे फार झाले.

कायद्याच्या बाजूने पाहिले तर घातक व इतर कचरा (व्यवस्थापन व सीमापार वाहतूक) नियम, २०१६ येथे लागू होतील. या नियमांनुसार कारखान्याला असा कचरा सर्वसाधारणपणे नव्वद दिवसांपेक्षा अधिक काळ आवारात ठेवता येत नाही आणि तो बाहेर नेताना सात रंगांच्या सात प्रतींचा मॅनिफेस्ट, म्हणजे वाहतुकीचा दाखला, करावा लागतो. त्यातील पांढरी प्रत पाठवणारा मंडळाला देतो आणि हिरवी प्रत कचरा स्वीकारणारे केंद्र मंडळाला पाठवते. या दोन प्रतींतील वजने जुळली नाहीत, किंवा पांढऱ्या प्रतीला हिरवी प्रतच आली नाही, तर मधल्या रस्त्यात काय झाले हे विचारता येते. आपण माहितीच्या अधिकारात त्या काळातील या दोन्ही प्रतींची मागणी करू शकता. पिंपांवरील लेबल, बॅच क्रमांक, झाकणावरचा रंग यांची जवळून छायाचित्रे घ्या, अक्षांश-रेखांश उमटतील अशी, आणि पोलीस पाटील व तलाठी यांच्या उपस्थितीत पंचनामा करून घ्या. लेबल खरवडलेले असले तरी बॅच क्रमांक पिंपाच्या तळाला अनेकदा शिल्लक असतो.

वकिली करणारे मित्र यात भर घालतील, परंतु एक ताजी तरतूद मला माहीत आहे. दूषित जागांच्या व्यवस्थापनाचे नियम केंद्राने जुलै २०२५ मध्ये आणले. त्यानुसार स्थानिक संस्था किंवा जिल्हा प्रशासनाने संशयित दूषित जागांची माहिती राज्य मंडळाला द्यायची आणि मंडळाने त्या तपासायच्या. आपला कातळ त्या यादीत यावा असा ग्रामसभेचा ठराव करून तो जिल्हाधिकाऱ्यांकडे पाठवा. ठरावात गट क्रमांक लिहायला विसरू नका. गट क्रमांक नसलेली जागा सरकारी कागदात सापडत नाही.

उत्तर ५ : वकिली करणारा

वरील सर्व बरोबर आहे. भर एवढीच की विहिरीच्या पाण्यासाठी जल अधिनियमाचे कलम २४ सुद्धा लागू होते, कारण त्यात प्रवाहांबरोबर विहिरींचाही उल्लेख आहे, आणि जमिनीवर टाकून विहिरीपर्यंत पोहोचलेली घाणही त्यात येऊ शकते. शिवाय सार्वजनिक झऱ्याचे किंवा जलाशयाचे पाणी मुद्दाम घाण करणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २७९ खाली गुन्हा आहे. टाकणारा अज्ञात असला तरी तक्रार ‘अज्ञात इसम’ अशी नोंदवता येते. ती आजच नोंदवा, म्हणजे पुढे गाडीचा क्रमांक मिळाला की तो जोडता येईल.

आणखी एक सूचना. खाडीचे प्रकरण आणि कातळाचे प्रकरण एका अर्जात मिसळू नका. दोन कायदे, दोन ठिकाणे, दोन तारखा आहेत. एकत्र अर्ज केला की त्यातील सोप्या भागाला उत्तर येते आणि अवघड भाग अनुत्तरित राहतो.

प्रश्नकर्ता : खाडीकाठ

सर्वांचे पुन्हा आभार. दोन्ही विहिरींवर काल फलक लावले आणि वरच्या वाडीला पाणी शेजारच्या नळयोजनेवरून देण्याची व्यवस्था ग्रामपंचायतीने केली. पंचनामा झाला, तीन पिंपांच्या तळाला बॅच क्रमांक सापडले. पोलीस ठाण्यात अज्ञात इसमाविरुद्ध अर्ज दिला आणि त्याची पोच घेतली. संमतीच्या नोंदवहीसाठी कलम २५ (६) चा उल्लेख करून वेगळे पत्र पाठवले आहे.

शाळेतील सातवीच्या मुलांसह खाडीची वही सुरू केली. तीन जागा वडिलांनी ठरवल्या, कारण ओहोटीला होडी कोठपर्यंत जाते हे त्यांनाच माहीत. पहिली नोंद अशी : अमावास्या, उधाणाचे पाणी, ओहोटीचा शेवटचा तास. वरच्या जागी प्राणवायू ५.८, मिळतो तेथे ४.१, गावाजवळ ४.९. साका तिन्ही बाटल्यांत तपकिरी बसला, मधल्या बाटलीत थोडा फिका. पावसाचे गटार ओले, पाऊस नाही. पुढची नोंद अष्टमीला, भांगाच्या पाण्यावर घेऊ आणि येथे लिहू.